मामांची दस्तार, मामांची टोपी

फोन मामेभावाचा होता. "ताई, आबा गेले. चहा मागितला अन् आई कप घेऊन येईस्तोवर..." नव्वदी ओलांडलेला माणूस चहाची वाट बघता बघता गेला, याहून चांगलं मरण मागावं तरी काय! तरीही मी उंबऱ्यातच बसून पोटभर रडले. मग जुन्या जालन्यात मामांच्या घराकडे जाताना रिक्षात मला चक्क हसू यायला लागलं. आठवत होते ते आठ दिवस, जेव्हा मी या माणसाशी बोलणंच टाकलं होतं.

तेव्हा निजामाचं राज्य होतं आणि मामा धर्मादाय खात्यात इन्स्पेक्टर होते. देवळं, दर्गे, मठ, धर्मशाळा, जे कुणी लोकांसाठी दान करून ठेवलं असेल ते नीट चाललंय का, हे टांग्यातून फिरून पाहायचं. कामावर निघताना डोक्यावर दस्तार, म्हणजे दरबारी पगडी, आणि कमरेला पट्टा, सरकारी रिवाजच तसा. घरी आले की दस्तार ओसरीतल्या एका खुंटीला आणि शेजारच्या खुंटीवरची काळी टोपी डोक्यावर. आईनं मला शिकायला त्यांच्याकडे ठेवलं होतं, पण मुलींची शाळा चौथीपर्यंतच. पुढचे वर्ग घ्यायला एक बाई तयार होत्या, आम्ही नऊ मुली तयार होतो, फक्त जागा नव्हती. आणि तिकडे जाफराबादच्या रस्त्याला काशीशेठच्या घराण्याची धर्मशाळा दिवसभर रिकामी. बैलगाडीनं बाजाराला येणारे रात्रीपुरते उतरायचे, तेवढंच. जागा मिळाली नाही तर मला गावी परत जायचं होतं, आणि गावी माझ्या लग्नाची बोलणी सुरूही झाली होती.

आम्हाला वाटे, त्यात काय, सगळं मामांच्याच हातात आहे. मामी म्हणाली, "एक हुकूम लिहा, जल्दी काम होईल." तपासणीच्या दिवशी मीही हट्टानं टांग्यात बसले. मामांनी माठात वाकून पाहिलं, चटया उलटून पाहिल्या, कंदिलाच्या काचांवरून बोट फिरवलं, मग दानपत्र वाचलं. शेठच्या आजीनं लिहून ठेवलेलं... वाटसरूंना पाणी, सावली आणि रात्रीचा निवारा. मामांनी शेरा लिहिला, 'दानपत्राप्रमाणे सर्व ठीक.' शाळेचं नावसुद्धा नाही! त्या दिवसापासून मी तोंडाला कुलूप लावलं.

आठव्या दिवशी त्यांनीच मला जवळ बसवलं. "माठ फुटका असता, चटया कुणी घरी नेल्या असत्या, तर मी शेठला सोडलं नसतं. पण त्याचं बराबर चालू आहे. मंग मी काय म्हणू? तुझं बराबर आहे, पण मला दुसरं पायजे? दान त्याच्या आजीचं आहे, बाई. मला विचारायचा हक आहे, ठरवायचा न्हाई."

"मंग मी गावाकडं जाऊ?" मी म्हटलं.

तो शुक्रवार होता, निजामाच्या राज्यातला सरकारी सुट्टीचा दिवस. मामा उठले, टोपी घातली आणि म्हणाले, "चल."

काशीशेठच्या धान्याच्या दुकानात एकदम धावपळ उडाली. शेठ गादी झटकायला लागले, तर मामा सरळ खाली पायरीवर बसले. "इन्स्पेक्टर न्हाई आला, शेठ. ह्या पोरीचा मामा आलाय. दुपारच्याला मुलींना जागा द्या, म्हणून विनवून राह्यलो."

शेठनं टोपीकडे रोखून पाहिलं. "हुकूम आहे का?"

"बिलकुल न्हाई. तुम्ही न्हाई म्हणा, मी चहा पिऊन जातो."

शेठ नाही म्हणाले. आणि मामांनी खरंच निवांत चहा प्यायला! मला असा राग आला होता म्हणून सांगू... पुढच्या शुक्रवारी पुन्हा, त्याच्या पुढच्याही. मुली गलका करतील, आजीच्या आत्म्याला काय वाटेल, दर वेळी शेठचं कारण नवं. तेवढ्यात आईचा निरोप आला, दिवाळी झाली की न्यायला येते.

दिवाळीच्या आधी पुन्हा तपासणी निघाली. नेमकी एका कंदिलाची काच तडकलेली. शेठचा चेहरा उतरला. मामांनी लिहिलं, 'एक काच बदलावी. बाकी ठीक.' त्या संध्याकाळी शेठ पहिल्यांदा आमच्या घरी आले. "साहेब, मी तुम्हाला इतक्यांदा न्हाई म्हटलं. आज त्या काचेवरून तुम्ही मला धरायचं व्हतं."

मामा म्हणाले, "ते तुम्ही टोपीला म्हटलं, शेठ. दस्तारीला त्याची खबर न्हाई."

शेठ खो खो हसले. म्हणाले, "बसू द्या पोरींना." मी उडी मारणार तोच मामा उठले, खुंटीवरची दस्तार डोक्यावर चढवली आणि म्हणाले, "एक अट. वाटसरू आला की मुली उठतील."

"आरं, आत्ता तर तुम्हीच मागून राह्यले व्हते!" शेठ म्हणाले.

अशी आमची शाळा सुरू झाली. गाडी आली की पाट्या उचलायच्या आणि लिंबाखाली जायचं. सातवीच्या परीक्षेत ऐन गणिताच्या वेळी एक कुंभार बायको आणि दोन गाढवं घेऊन आला. शेठ म्हणाले, "घडीभर थांबेल की तो." मामा पाहणीला आलेले होते. त्यांनी डोक्यावरची दस्तार सारखी केली. आम्ही उठलो. त्या उठाउठीत माझी दोन गणितं राहूनच गेली. पुढं धर्मशाळेतल्या त्याच शाळेत मी शिकवलं, तिथूनच निवृत्त झाले, अजूनही रोज जाते. गावाकडची लग्नाची बोलणी तेव्हा थांबली ती थांबलीच.

परवा मी मामांच्या घरी गेले, तर मामीनं दस्तार बाहेर आणली. संस्थान गेल्यावरही मामांनी ती जपून ठेवली होती. "शाळेत काचेत ठेव," म्हणाली.

मी म्हटलं, "मामी, हिनं मला न्हाई म्हटलं होतं. मला टोपी दे."

मामी डोळे पुसता पुसता हसली. "दोन्ही ने. मागितलं टोपीनं, पण शेठनं दिलं ते दस्तारीकडं बघून."

दोन्ही घेऊन आले. शाळेच्या ओसरीत शेजारी शेजारी दोन खुंट्या ठोकून घेतल्या. खाली वाटसरूंचा माठ आहे. वाटसरू आता येत नाहीत, पण सकाळी जी मुलगी पहिली येते ती तो भरते.