बाबा खुर्चीतून उठेपर्यंत

आमच्या डोंबिवलीच्या घरी माळ्यावर बाबांच्या व्हिडिओ कॅसेटी आहेत. टीव्हीवर लागलेले हिंदी सिनेमे ते हौसेने रेकॉर्ड करायचे, पण गाणी वगळून. गाणं लागलं की रेकॉर्डिंग थांबवायचं, संपलं की पुन्हा सुरू. "गाणी काय, रेडिओवर लागतातच," असं त्यांचं म्हणणं. या काटकसरीमुळे एका कॅसेटीत दीड सिनेमा मावायचा आणि नायक-नायिका प्रेमात पडले कधी, हे आम्हा भावंडांना शेवटपर्यंत कळायचं नाही.

मागच्या वर्षी खडवलीला एका लग्नात मामा आईला सहज म्हणाला, "अगं बाय, आपले आबा शिनेमात व्हते, ठावं नाय तुला? नदीवर शूटिंग झालेली, गाण्यात त्यांची बैलगाडी हाय. तू तवा पाळण्यात व्हतीस." सिनेमाचं नावही त्याने सांगितलं. आईकडे आबांचा, म्हणजे माझ्या आजोबांचा, एकच फोटो आहे, त्यातही त्यांचे डोळे मिटलेले. घरी येऊन चपला काढायच्या आत तिने मला फर्मावलं, "लाव तो सिनेमा."

मोबाइलवर तो मिनिटात सापडला. धुऊनपुसून लख्ख केलेली नवी प्रत, नायिकेच्या पापण्या मोजता याव्यात इतकी स्वच्छ. फक्त तेवढं गाणं कापलेलं. जिथे शोधावं तिथे हीच प्रत. एके ठिकाणी गाणं मिळालं, तर नुसता आवाज आणि पडद्यावर गुलाबाचं फूल.

बाबांनी घसा खाकरला. "माझ्याकडे आहे तो सिनेमा."

"गाण्यासकट?" आईने विचारलं. बाबा पेपरात शिरले.

तरी ती कॅसेट घेऊन मी ठाण्याला गेलो. तिथे एक दुकानदार जुन्या कॅसेटी पेनड्राइव्हवर उतरवून देतो. बुरशी साफ करायलाच त्याने आठवडा घेतला.

एक गोष्ट मी विसरलोच होतो. आमच्या व्हीसीआरला रिमोट नव्हता आणि बाबांना खुर्चीतून उठायची कधीच घाई नसायची. त्यामुळे प्रत्येक गाण्याची सुरुवात रेकॉर्ड झालेली. या गाण्याची चार सेकंदं होती. नदीकाठ, बैलगाडी आणि कासरा धरून बैलांबरोबर चालणारा एक सडपातळ माणूस. मग एकदम मारामारीच सुरू.

"बघा! मी उशिरा उठलो म्हणून," बाबा छाती फुगवून म्हणाले. एरवी आईने त्यांना सोडलं नसतं. पण तिचं लक्षच नव्हतं. ती मला ती चार सेकंदं पुन्हा पुन्हा लावायला सांगत होती.

आई तीन वर्षांची असताना बैलगाडी उलटली आणि आजोबांचा पाय कायमचा अधू झाला. काठीशिवाय चालणारे वडील तिला आठवतच नाहीत. हे माझ्या तेव्हा कुठे ध्यानात आलं.

"बघ रे," ती म्हणाली, "केवढ्या झपाझप टांगा टाकतायत."