झग्यातला मुराळी

आमच्या फादरना 'नाही' म्हणता येत नाही. बाहेरचे लोक याला गुण म्हणतात. आम्ही त्यांच्या हाताखाली वाढलो, आम्हाला विचारा. हा आजार आहे आजार.

बुलढाण्याजवळ आमचं वसतिगृह, आईबाप नसलेल्या पोट्ट्या-पोरींचं. कोणी यायचं आणि म्हणायचं, फादर, दोन दिवस बकरी बांधू का इथं? हो. ती बकरी आमच्याकडेच म्हातारी होऊन मेली. कोणाच्या घरी तेरवी असली की आमचा भाताचा मोठा गंज जायचा, आणि आम्ही बादलीत भात शिजवायचो. कोणाच्या पोराला शाळेत घालायचंय, कोणाच्या बाईला दवाखान्यात न्यायचंय, कोणाच्या दारुड्या नवऱ्याला समजवायचंय, सगळ्यांना हो, आणि सगळं एकाच सकाळी. एकदा मी चिडून म्हटलं, फादर, जरा नाही म्हणायला शिका. हो, म्हणाले.

मूळचे ते समुद्राकडचे, पण इतकी वर्षं इथं काढून आमच्याहून पक्के वऱ्हाडी झालेले. पांढऱ्या झग्यातून "काऊन बे, जेवला नाहीस काय?" असं विचारणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. मी तिथं कशी आले ते मला आठवत नाही. फादर सांगायचे, बाजाराच्या दिवशी आलीस, भांडत आलीस, आणि अजून थांबली नाहीस. त्यात खोटं काही नाही.

लग्नाचं वय झालं तसं जानेफळचं स्थळ आलं. मुलाची थोडी शेती, पिठाची गिरणी, स्वभावानं गरीब. पण त्याच्याबरोबर त्याची आजी आली होती, आणि ती गरीब नव्हती. डोक्यावर पदर, तोंडात तंबाखू, नजर सरळ माझ्यावर. पोहे खाऊन झाल्यावर तिनं फादरकडं तोंड केलं.

"हुंडा-बिंडा काही नको आमाले," ती म्हणाली. "पन पोरीले माहेर पायजे. माहेर नसलेल्या पोरीचं सासरी कोनी ऐकत नाही. दिवाळीले हिले न्यायले कोन येईन?"

मला असा राग आला! भांडण झालंच तर मी कुठं जाणार नाही, तिथंच बसून भांडीन, असं मी म्हणणार होते. पण खरं सांगायचं तर म्हातारी खोटं बोलत नव्हती. रात्री अंथरुणावर पडल्यापडल्या मलाही तेच भ्या वाटायचं. सासरी गेलेल्या लेकीला सणासाठी माहेरी न्यायला जो येतो, त्याला आमच्याकडे मुराळी म्हणतात. कोणाचा भाऊ येतो, कोणाचा काका. माझ्या दारात कोण उभं राहणार होतं?

"मी येईन," फादर म्हणाले. "दर दिवाळीले."

म्हातारीनं त्यांना झग्यापासून चपलांपर्यंत बघितलं आणि सुपारी फोडायला सांगितली. ती निश्चिंत झाली. मी झाले नाही, कारण मला तो 'हो' ठाऊक होता. बकरीलाही त्यांनी तोच दिला होता.

लग्न जानेफळला, त्यांच्या रीतीनं. फादरनी सगळ्यांना तेच सांगितलं होतं, पोरगी ज्या घरी चालली त्या घरची रीत. आमच्याकडचं वऱ्हाड चाचाच्या टेम्पोतून आलं. हा चाचा वसतिगृहाचं धान्य आणायचा, आणि मामा म्हणून माझ्या पाठीशी उभा राहायलाही तोच. आजेसासूनं विचारलं, चाचा मामा कसा होईन? फादर म्हणाले, आजच्या दिवस होईल. भटजी हसले, आणि मंगलाष्टकं सुरू झाली. फादरना अक्षता टाकायचा इतका उत्साह की निम्म्या भटजींच्या डोक्यात.

मग आली कानपिळी. नवरीच्या भावानं नवरदेवाचा कान पिळायचा, म्हणजे आमच्या बहिणीला नीट ठेव, अशी समज. मग नवरदेवाकडच्यांनी त्याला टोपी घालून मान द्यायचा. भटजींनी हाक दिली, नवरीचा भाऊ कोण?

वसतिगृहाचे सगळे पोट्टे एकदम उभे राहिले.

झालं होतं असं, की आठवडाभर एकेक पोरगा गुपचूप फादरकडं जाऊन विचारत होता, ताईच्या लग्नात कान मी पिळू का? आणि फादर प्रत्येकाला हो म्हणत होते. आता प्रत्येकजण दुसऱ्याला ढकलत होता, आणि सगळ्यांच्या तोंडी एकच, मले फादरनं सांगितलं! मी मुंडावळ्यांतून फादरकडं बघितलं. ते मांडवाचा खांब निरखत होते.

भटजी शहाणे. म्हणाले, भाऊ आहेत ना सगळे? मग येऊ द्या रांगेनं. आले. नवरदेव काय करणार बिचारा, मान वाकडी करून बसला. बारके हळूच पिळायचे, मोठे हिशेब चुकता केल्यासारखे. टोपी आणली होती एकच. ती एकाच्या डोक्यावर घालायची, काढायची, दुसऱ्याच्या डोक्यावर घालायची. शेवटी ती कोणाच्या कानापर्यंत उतरत होती, तर कोणाच्या नुसती शेंडीवर बसत होती. मांडवात हसून हसून बायकांच्या डोळ्यांना पाणी. आजेसासू तेवढी म्हणाली, "घरचं झालं थोडं, अन् व्याह्यानं धाडलं घोडं." पण पदराआड तीही हसत होती, मी बघितलं. नवरदेवाचा कान टमाट्यासारखा झाला. फादरनी स्वतः खोबरेल तेल मागवून त्याला लावलं आणि माफी मागितली. असू द्या, असं तो म्हणाला. इतका मार खाऊन असू द्या म्हणणारा माणूस मला तेव्हाच आवडला.

दिवाळी आली. मी सकाळीच पिशवी भरून ओट्यावर बसले. शेजारच्या सुनांचे भाऊ आले, त्या गेल्या. दुपार झाली. फादरना फोन लावला तर लागेना. आजेसासू सुपारी कातरत घरातल्या मांजरीला म्हणाली, काही लोकं नुसते हो म्हनतात बाप्पा. लेकी बोले सुने लागे, मला का कळत नाही? मनात म्हटलं, बकरीच झाली आपली. पिशवीतलं लुगडं काढून परत खुंटीला टांगलं.

दिवेलागणीच्या सुमाराला चाचाचा टेम्पो दारात. पुढं फादर, आणि मागं माझ्याच वसतिगृहातल्या, लग्न होऊन गेलेल्या सगळ्या बहिणी, पिशव्या मांडीवर घेऊन, धुळीनं माखून, फादरना बोलत बसलेल्या. त्यांनी प्रत्येकीला वचन दिलं होतं, मीच न्यायला येईन, आणि दिवस एकच. पहाटे वडनेर भोलजीहून निघाले होते, उंद्री करून जानेफळला येईपर्यंत हा वेळ. प्रत्येक घरी मुराळ्याला पुरणपोळी खावीच लागते, आणि फादरना साखरेचा आजार. ताट समोर आलं की हो. टेम्पोतून उतरताना त्यांना धड चालवत नव्हतं. आजेसासूनं पुन्हा ताट वाढलं. ही पोळी तुझ्या नावाची, असं मला म्हणत फादर तेही जेवले. मी टेम्पोत चढले आणि सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं रडले. उंद्रीची बहीण म्हणाली, सरक वं, जागा नाही.

असं कितीतरी दिवाळ्या चाललं. फादरच्या बदल्या झाल्या तरी ते ज्या गावी असतील तिथून यायचे, आणि ते असतील तेच आमचं माहेर. एका वर्षी ते माहेर म्हणजे एक खोली आणि गळकं पत्र्याचं छप्पर होतं. आम्ही दाटीवाटीनं झोपलो, कोणी कुरकुरलं नाही. पुढं त्यांचे गुडघे गेले. मग त्यांना लांबच्या शहरात, थकलेल्या फादर लोकांच्या घरी ठेवलं. गेल्या दिवाळीला पहिल्यांदा ते आले नाहीत. फोनवर म्हणाले, इथं सगळं चांगलं आहे, वेळेवर जेवण देतात, फक्त कोणी काही मागायला येत नाही. हे ऐकून मला जेवण गेलं नाही.

यंदा मी फोन करून सांगितलं, फादर, आमच्याकडं या दिवाळीला, आम्ही न्यायला येतो. हो, म्हणाले. तेव्हाच कळायला पाहिजे होतं.

नवरा जीप घेऊन गेला. फाटकाशी बघतो तर उंद्रीचा जावई मोटारसायकल लावून उभा, वडनेरचा जावई भाड्याची गाडी घेऊन उभा. तिघांनाही फादरनी हो म्हटलेलं, दिवस एकच. वॉचमननं विचारलं, तुम्ही कोण? तिघं म्हणाले, जावई. कोणाचे? फादरचे. वॉचमननं कपाळाला हात लावला. आत पायरीवर फादर बसले होते. धुतलेला झगा, मांडीवर पिशवी. वॉचमन म्हणाला, सकाळपासून असेच बसले आहेत, जेवायलाही उठले नाहीत. हे सांगताना माझ्या नवऱ्याचाही आवाज बदलला.

शेवटी तिघांत ठरलं, दोन दोन दिवस वाटून घ्यायचे, पहिले आमचे.

जीप दारात थांबली तेव्हा आजेसासू ओट्यावर होती. आता तिला दिसत नाही फारसं. मी फादरना हाताला धरून उतरवत होते. तिनं विचारलं, कोन आलं वं? मी म्हटलं, फादर आले. ती काठी टेकत उठली, चाचपडत त्यांच्या हातातली पिशवी काढून घेतली, आणि आत माझ्या सासूला हाक मारली.

"पुरन घाल वं, लेक माहेराले आली."

फादर झग्याच्या बाहीनं डोळे पुसत राहिले.

दोन दिवस झाले. उंद्रीचा जावई अंगणात खोळंबून उभा आहे, आणि फादरची पिशवी सापडत नाही. सगळं घर शोधून झालं. आजेसासू तिच्या पलंगावर उशीला टेकून बसली आहे, आणि ती उशी नेहमीपेक्षा बरीच उंच आहे. तिनं विचारलं, ऱ्हाता का मंग आनखी चार दिवस? फादरनी उंद्रीच्या जावयाकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, आणि हो म्हणाले.