सतरा घरांचे शेअर, अण्णांचा एक हात

मिटिंगमध्ये मतांचे हात मोजायला सुरुवात होणार होती आणि माझा अशील चपला घालून बाहेर आला.

"अण्णा, कुठं निघालात?"

"दुबलगुंडीला. घरं इचारून येतो."

निजामाच्या राज्यात वकिली सुरू करून मला जेमतेम दोन वर्षं झाली होती. हुमनाबादेतल्या एका तेलाच्या मिलचे प्रेफरन्स शेअर दुबलगुंडीच्या सतरा घरांनी मिळून घेतले होते आणि सगळे अण्णांच्या नावावर लिहिले होते, गावचा भरवशाचा माणूस म्हणून. कंपनीच्या रजिस्टरात सतरा घरं नव्हतीच. एकटे अण्णा होते.

प्रेफरन्स शेअरवाला हा कंपनीचा सभासद, कर्ज देणारा सावकार नव्हे. नफा वाटायचा ठरला तर ठरलेला हिस्सा आधी त्याला. कंपनी मोडली तर कर्ज फिटल्यावर भांडवलही आधी त्याचं. बदल्यात एरवी मिटिंगमध्ये त्याला मत नाही. पण हे हक्कच बदलायचे असतील, तर या शेअरवाल्यांची वेगळी मिटिंग घेऊन तीन-चतुर्थांश मतं मिळवावी लागतात. मिल डबघाईला आली होती. चेअरमनना हे शेअर साधे करून टाकायचे होते. तसं झालं तर सतरा घरं रांगेत शेवटी जाणार.

मिटिंगला अण्णांखेरीज सात जण, सगळे चेअरमनचे सोयरे. हात वर करून मत घेतलं की माणशी एकच मत, शेअर कितीही असोत. पोल मागितला की शेअर मोजतात, आणि अण्णांकडे तिसऱ्या हिश्श्याहून जास्त शेअर होते, म्हणजे ठराव पाडायला पुरेसे. 'पोल पायजे' एवढं मी त्यांच्याकडून चारदा घोकून घेतलं होतं. मी सभासद नाही, म्हणून व्हरांड्यात.

घोळ असा झाला की चेअरमननी ऐनवेळी आमिष टाकलं: दहा शेअरमागे एक साधा शेअर जास्त देऊ. नवी गोष्ट निघाली की पुन्हा घरोघर विचारायचं, हा गावाचा रिवाज. अण्णांनी उद्यापर्यंत वेळ मागितला. चेअरमन नाही म्हणाले.

"हात मोजून निकाल सांगितला की संपलं. आत जाऊन पोल मागा," मी म्हणालो.

"इचारल्याबिगर न्हाई कसं म्हनू? शेअर माझे एकट्याचे हायत व्हय?"

"पोल म्हणजे नाही नव्हे. शेअर मोजा, एवढंच."

त्यांनी चपला काढायला लावलेला वेळ मला अजून आठवतो. मग आतून त्यांचा आवाज आला. चेअरमननी पोल दुसऱ्या दिवशी ठेवला. तेवढ्यात अण्णांना वळवू, असा विचार असावा. अण्णांना मात्र हवा तो वेळ मिळाला. मला चैन पडेना. गाव आमिषाला भुललं असतं तर अण्णा होच म्हणणार होते.

गाव नाही म्हणालं. ठराव पडला. वर्षाच्या आत मिल मोडली. कर्ज फिटून उरलं त्यातून प्रेफरन्सवाल्यांना रुपयामागे नऊ आणे मिळाले. साध्या शेअरवाल्यांच्या हाती काहीच लागलं नाही. मी भलताच खुशीत होतो.

"वकीलसाब, ऱ्हायलेले सात आणे कवा?" अण्णांनी विचारलं.

मिळणार नाहीत, मी सांगितलं. पहिला नंबर म्हणजे पूर्ण पैशाची हमी नव्हे.

अण्णा म्हणाले, "हे कामून आदी सांगितलं न्हाई? मी सतरा घरांत सोळा आणे म्हनून आलोय."

तेव्हापासून अशील समोर बसला की पहिला नंबर म्हणजे हमी नव्हे, हे मी सगळ्यात आधी सांगतो, फीच्याही आधी.