माणसं काढून देतो

जुन्या बाजारात एक पितळी फ्रेम आवडली म्हणून थांबले. आत महाबळेश्वरचा फोटो होता. मोटारीच्या बॉनेटवर जॉर्जेटच्या साड्यांतल्या दोन मुली, शेजारी खांद्यावर टेनिसची रॅकेट टाकलेले तरुण. बड्या घरची मुलं, उन्हाळा घालवायला आलेली. एक मुलगी इतकी हसतेय, की चेहरा हलून पुसट झालाय. खाली देशावर तेव्हा विहिरी आटल्या असतील. यांच्या कपाळावर घामाचा थेंब नाही. राग आला मला.

मोटारीवरून काळ कळत होता. दोन महायुद्धांच्या मधला. पण हे नाव आपण मागाहून दिलेलं. त्यांच्या लेखी एक युद्ध संपलं होतं, बस्स. आपण कशाच्या तरी मधे आहोत, हे मधल्या माणसांना कुठं कळतं?

“फ्रेमच पाहिजे ना, ताई?” दुकानदार मागचे खिळे उचकटू लागला. “थांबा, माणसं काढून देतो.”

फ्रेम करायला म्हणून आणलेला आमच्या पोरांचा फोटो मी पर्समधून बाहेर काढलाच नाही. तीही गाडीच्या बॉनेटवर बसून हसतायत.