इस्त्रीजवळची थंडी

आमचे हे इस्त्रीवाले. दुखणं कुठलंही असो, यांचं औषध एकच, शेक. जुन्या टॉवेलची घडी करायची, तिच्यावर गरम इस्त्री फिरवायची आणि दुखऱ्या जागी दाबून धरायची. माझा गुडघा, शेजारणीची मान, काही म्हणून सोडलं नाही. "एक दिवस मलाही घडी घालून कपाटात ठेवाल," मी म्हणायचे.

त्या दिवशी सकाळी यांच्याच बेंबीभोवती दुखायला लागलं. घास घशाखाली उतरेना. "गॅस झालाय," म्हणाले. दुपारी दुखणं उजवीकडे, खाली सरकलं. एका हातात इस्त्री, दुसऱ्या हाताने टॉवेल पोटाशी धरलेला, असे वाकून उभे होते.

"अहो, दवाखान्यात जाऊ या ना."

"हॉटेलच्या चादरी कोण देणार? तुझा बाप?"

बापावर गेले की पुढे बोलण्यात अर्थ नसतो.

संध्याकाळी मात्र एकदम चेहरा खुलला. "बघ, थांबलं! शेक म्हणजे शेक!" मीही हुश्श केलं आणि चहा टाकला. कप घेऊन बाहेर आले तर हे तापल्या इस्त्रीला खेटून बसलेले, दातावर दात आपटत होते.

"एक चादर टाक गं अंगावर. थंडी वाजतेय."

आमच्या दुकानात बारा महिने पंखा लागतो. कपाळाला हात लावला तर चटका बसला, आणि पोट फळीसारखं कडक. मी चहा तिथेच ठेवला, इस्त्री बंद केली आणि रस्त्यावर आडवी उभी राहून गाडी थांबवली.

"अपेंडिक्स फुटलंय," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "आतड्याला बोटाएवढी नळी असते. सुजून तट्ट झाली की दुखते. फुटली की ताण जातो, घटकाभर बरं वाटतं. पण पू पोटात पसरतो. लगेच ऑपरेशन करायला हवं."

"वाचतील ना हो?"

"आम्ही प्रयत्न करतो."

ऑपरेशनच्या खोलीचं दार बंद झालं. टॉवेल माझ्याच हातात राहिला होता. मी त्याची घडी घालत होते, मोडत होते. बरं वाटलं म्हणून मी चहा टाकला, हेच डोक्यात फिरत होतं.

बाहेर आणल्यावरही हे निपचित पडून होते. चेहरा शांत. त्या शांतपणाचीच मला भीती वाटत होती. कितीतरी वेळाने कपाळावर आठी पडली.

"दुखतंय गं... फार दुखतंय. टॉवेल..."

मी टॉवेल पाठीमागे लपवला.

"दुखू दे," मी म्हटलं आणि मला रडू फुटलं. "दुखू दे हो."