समुद्राला दिलेला दम

आमच्या ऑफिसातल्या रशियन इंजिनियरची आई शारजाला कायमची राहायला आली. तो डबा खाताना सहज बोलून गेला की आई लहान मुलांचे सिनेमे काढायची. माझा घास हातातच राहिला. अख्खं आयुष्य फक्त मुलांचे सिनेमे! सुरुवातीला म्हणे सेटवरच्या पोरांच्या बुटांच्या नाड्या बांधायचं काम, मग सहायक, मग दिग्दर्शक. सरकारी स्टुडिओ, महिन्याला पगार. स्टुडिओ बंद पडला तेव्हा बाई टीव्हीवर गेल्या, पण पोरांना सोडलं नाही. आणि मी? पुण्यात बालनाट्यं बसवायचो तेव्हा घरचे विचारायचे, "ते ठीक आहे, पण काम काय करतोस?" म्हणून आता इथे शारजाच्या हमरिया फ्री झोनमध्ये खोकी बनवणाऱ्या कंपनीत परचेस बघतो आणि वर्षातून एकदा मराठी मंडळाच्या मुलांचं नाटक बसवतो. माझा जळफळाट झाला, साफ सांगतो.

त्या नाटकामागे माझा स्वार्थ असतो. माझी मुलगी चौथीत आहे. मी मराठीत विचारतो, ती इंग्रजीत उत्तर देते. नाटकात तेवढी मराठी बोलते, तीही पाठ केलेली, माझ्या सुरात, माझे हातवारे उचलून. तिने एकदा तरी स्वतःहून मराठीत तोंड उघडावं, एवढंच मला हवं होतं.

यंदा बाईंना तालमीला बोलावलं. खरं तर भाव खायलाच बोलावलं होतं. मी प्रत्येक वाक्य करून दाखवत होतो, मुलं तसंच्या तसं करत होती. बाई कोपऱ्यात बसून सगळं बघत होत्या. शेवटी मोडक्यातोडक्या इंग्रजीत म्हणाल्या, "यू, व्हेरी गुड ॲक्टर." मुलांबद्दल चकार शब्द नाही. घरी पोचेपर्यंत माझं डोकं तापलेलं होतं.

त्यानंतर बाईंनी एक छोटी फिल्म करायचं ठरवलं आणि तिच्यासाठी नेमकी माझीच मुलगी मागितली.

"बाबा, आय डोन्ट वॉन्ट टू डू द प्ले," मुलगी म्हणाली. "आय विल डू हर फिल्म."

"जाऊ दे की तिला," बायको म्हणाली. "म्हातारीवर कसला जळतोस?"

शनिवारी शेजारच्या उम्म अल कुवैनच्या किनाऱ्यावर गेलो. कॅमेऱ्यामागे बाईंचा मुलगा. बाईंनी माझ्या मुलीला इतकंच सांगितलं की वाळूचं घर बांध, समुद्राला आत येऊ देऊ नकोस आणि तोंडात येईल त्या भाषेत बोल. मग खुर्चीत बसून राहिल्या. ना ॲक्शन, ना कट. माझी चुळबुळ चालली होती.

"अरे, तुझ्या आईला सांग ना, पोरीला काहीतरी करून दाखवायला," मी इंजिनियरला इंग्रजीत म्हणालो.

"हबीबी, वेट," तो म्हणाला.

ऊन चढलं. पोर कॅमेरा विसरून भिंत थापत बसली होती. तेवढ्यात लाट आली आणि अर्धं घर घेऊन गेली. ती ताडकन उठली, एक हात कमरेवर ठेवला आणि समुद्रावर बोट रोखून ओरडली,

"किती वेळा सांगायचं तुला? लक्ष कुठंय? परत कर! पहिल्यापासून!"

मराठीत, खणखणीत. माझ्या अंगावर काटा आला. पाठोपाठ पोटात दुखलंही, कारण जे इतकी वर्षं मला मिळालं नाही ते या बाईंना नुसतं बसून मिळालं होतं, आणि त्यांना त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. मग तिची ती तिरकी मान दिसली, तो करडा आवाज ऐकू आला आणि मी ओळखलं. तालमीत मी असाच उभा राहतो, असाच ओरडतो. माझ्या नाटकांतलं एकही वाक्य तिच्याजवळ उरलं नव्हतं. उरलं होतं ते हे.

बाई माझ्याकडे वळल्या. मुलगी काय म्हणाली, विचारलं. मी इंग्रजीत अर्थ सांगितला. त्या मनापासून हसल्या.

"गुड डायलॉग! हू रोट इट?"

मुलगी हात झटकत माझ्याकडे बघत उभी होती.

"मी," मी म्हणालो.