काळ्या खोलीतले पांढरे कपडे

मॉस्कोत बाहुलीपटांच्या स्टुडिओत मी कितीतरी वर्षं दुसऱ्यांच्या कॅमेऱ्यात फिल्म भरण्यात काढली. तिथे सेटजवळ पांढरा कपडा चालत नसे. बाहुली केसभर हलवायची, एक चित्र घ्यायचं, पुन्हा हलवायची. अशा कामात कुणाच्या शर्टावरून परतलेला उजेडही पडद्यावर लुकलुकतो. म्हणून आम्ही सगळे काळे डगले घालायचो. आणि स्वतंत्र कॅमेरामन म्हणून पहिलं काम मिळालं कुठे, तर झाडून सगळे पांढरे झगे घालतात त्या सौदीत!

रियाधच्या अल सुलै भागात, एका गोदामात आमचा स्टुडिओ होता. फिल्म मुलांसाठी: हरवलेलं उंटाचं पिल्लू आईकडे परततं. सेट रत्नागिरीकडचे एक सुतारचाचा बनवायचे. पिल्लू आईपाशी पोचतं तो शेवटचा लांबलचक शॉट तेवढा उरला, आणि लढाई पेटली. इराकची क्षेपणास्त्रं रियाधवर यायला लागली. विषारी वायू आला तर काय, म्हणून जो तो घरातली एक खोली चिकटपट्ट्या लावून बंद करत होता. माझ्या शूटिंगच्या खोलीची फट न फट उजेडाच्या भीतीने आधीच बुजवलेली. झालं! भोंगा वाजला की अख्खं गोदाम माझ्या सेटवर.

एकदा बाहुल्यांच्या टेबलाला धक्का लागला. शॉट बाद, पुन्हा पहिल्यापासून. मग कुणीतरी वरचा दिवा लावला. पुन्हा बाद. मी डोकं धरून बसलो. या फिल्मवर माझं नाव लागायचं होतं हो!

तिसऱ्या खेपेला पिल्लू आईच्या अगदी जवळ आलं आणि भोंगा झाला. पांढऱ्या बनियनमध्ये चाचा आत शिरले.

"भाऊ, तुमचा काम चालू ठेवा. आमी कोपऱ्यात बसताव."

मागोमाग आमचा कफील, म्हणजे आमचा अरब मालक, झगा पांढराशुभ्र. "अंगावर काळा पडदा ओढून घ्या!" मी गॅस मास्कमधून ओरडलो. कुणाला ऐकू जाणार, कपाळ! तेवढ्यात बाहेर दणका झाला. भिंती हादरल्या, टेबल मात्र हललं नाही. चाचांनी ते दोन्ही हातांनी घट्ट धरलं होतं. मी चरफडत चित्रं घेत राहिलो आणि शॉट पुरा केला.

लढाई संपली. चाचा कायमचे गावी गेले. परदेशातून फिल्म धुऊन आली, तर शेवटच्या पावलांना पिल्लाच्या अंगावर उजेड दोनदा वाढलेला.

"ये क्या है?" कफीलने विचारलं.

"दुसरा आपका झगा," मी वैतागून म्हणालो. "पहला चाचा का बनियन."

त्याने स्वतःच्या झग्याकडे पाहिलं. मग म्हणाला, हवा तेवढा वेळ घे, पुन्हा कर. आता भोंगे नव्हते, गर्दी नव्हती. मी डगला चढवून टेबलापाशी उभा राहिलो. चाचांची फार आठवण आली. दिवे न लावताच मी बाहेर आलो.

जुनाच शॉट ठेवला. त्याच्यानंतर लगेच माझं नाव येतं. तो उजेड दिसला की आजही माझं डोकं फिरतं, आणि शेजारी जो कुणी बसला असेल त्याला मी सांगतो, थांबा, हे आत्ता चाचा आले.